गडचिरोलीतल्या आठ गावांचा हिवताप: पैसे धूर यंत्रात घालावेत, मच्छरदाण्यांत की फवारणीत? आणि उपयोग झाला हे मोजायचं कसं?

रानवाट (प्रश्न)

धानोरा-कुरखेडा पट्ट्यातल्या आठ लहान गावांच्या ग्रामसभा एकत्र येऊन हिवतापासाठी स्वतःचे पैसे खर्च करायला तयार आहेत. काही पेसा कायद्याच्या (आदिवासी भागांतल्या ग्रामसभांचा कायदा) अबंध निधीतून, काही तेंदूच्या हंगामाच्या रकमेतून. आठही गावं मिळून सुमारे ४८० घरं, २,४०० माणसं. मातीच्या भिंती, बहुतेक घरांना लागून गोठा, भाताची शेती आणि गावांजवळून वाहणारे दोन नाले. ताप जुलैपासून नोव्हेंबर-डिसेंबरपर्यंत जोरात असतो आणि त्यात पीएफ (फॅल्सिपेरम, हिवतापाचा जास्त घातक प्रकार) जास्त निघतो.

बैठकीत चार गोष्टी पुढे आल्या: दोन धूर यंत्रं, विहिरींत आणि नाल्यात गप्पी मासे, दुकानातून मच्छरदाण्या, नाहीतर भिंतींवरच्या फवारणीसाठी जादा मजूर. सगळ्यांत जोर धूर यंत्राचा आहे, कारण ते दिसतं. तालुक्याचे लोक फवारणी करतात आणि पूर्वी एकदा औषधी मच्छरदाण्याही वाटल्या होत्या.

दोन प्रश्न आहेत. यातलं नेमकं कशात पैसे घालावेत? आणि वर्षभरानंतर उपयोग झाला की नाही, हे ग्रामसभेला खात्रीने कसं सांगायचं? "डास कमी वाटतात" एवढ्यावर पुढच्या वर्षीचा खर्च मंजूर करून घ्यायचा नाही.

---

कीटकवही

आधी डास कुठला ते पाहू, कारण साधन त्याच्या सवयींवरून ठरतं. तुमच्या भागात मुख्य वाहक दोन. अ‍ॅनाफिलिस क्युलिसिफेसिस नाल्याच्या पात्रातल्या डबक्यांत, भातखाचरांत, कालव्यांत वाढतो आणि दिवसा गोठ्यात व घरात भिंतीवर बसतो. रक्त तो जास्त करून जनावरांचं पितो, पण संख्येने इतका असतो की माणसाच्या वाट्याला येणारे चावेही पुरेसे ठरतात. दुसरा अ‍ॅनाफिलिस फ्लुविएटिलिस. हा डोंगरपायथ्याच्या संथ वाहत्या ओढ्यांच्या कडेला वाढतो. याची संख्या कमी, पण माणसाच्या रक्ताची ओढ मोठी, त्यामुळे थोडे डासही पुष्कळ रोग पसरवतात.

आता मुख्य मुद्दा. डास जन्मतः हिवतापी नसतो. रुग्णाचं रक्त प्यायल्यावर परजीवी त्याच्या लाळेत येऊन पोचायला उबदार हवेत साधारण दहा ते बारा दिवस लागतात. तेवढे दिवस मादी जगली, तरच ती रोग देते. म्हणून गावात डास किती आहेत यापेक्षा ते किती दिवस जगतात याला जास्त वजन आहे. हिवतापतज्ज्ञ जॉर्ज मॅकडोनाल्ड यांनी १९५० च्या दशकात याचं गणित मांडलं. ते असं करून पाहा: रोज १०० पैकी ९० डास दुसरा दिवस पाहत असतील, तर दहा दिवसांनी ३५ उरतात. रोज ७० च पाहत असतील, तर दहा दिवसांनी जेमतेम ३. मादी दर दोन-तीन दिवसांनी रक्त पिते आणि नंतर जड होऊन भिंतीवर बसते. म्हणजे बारा दिवसांत चार-पाच वेळा ती मच्छरदाणीच्या किंवा फवारलेल्या भिंतीच्या तावडीत सापडू शकते. दर वेळी थोडी थोडी मेली, तरी म्हातारी होईपर्यंत जवळपास कोणी उरत नाही. याउलट अळ्या मारून डास निम्मे केले, तर रोगही फार तर निम्मा होतो.

या कसोटीवर धूर टिकत नाही. धुराचे थेंब हवेत काही मिनिटं तरंगतात आणि त्या वेळी उडत असलेला डास मारतात. संध्याकाळी रस्त्यावरून यंत्र फिरतं तेव्हा अ‍ॅनाफिलिस गोठ्यात, आढ्याखाली, खाटेमागे बसलेला असतो. मागे भिंतीवर काहीच उरत नाही आणि दुसऱ्या दिवशी खाचरातून नवी पिढी बाहेर पडते. हिवताप रोखण्यासाठी धूर वापरू नये, त्याऐवजी मच्छरदाण्या किंवा भिंतींवरची फवारणी नीट करावी, अशी जागतिक आरोग्य संघटनेची शिफारस आहे. डेंग्यूचा उद्रेक असेल तर गोष्ट वेगळी. तुमच्या निधीतून यंत्र घेऊ नका, हे मी स्पष्टच म्हणतो. यंत्राबरोबर डिझेल, दुरुस्ती आणि चालवणारा माणूस हा खर्च दरवर्षी मागे लागतो, आणि धूर पाहून लोक निर्धास्त होऊन मच्छरदाणी गुंडाळून ठेवतात.

गप्पी मासे विहिरीत, सिमेंटच्या टाक्यांत, बांधीव हौदांत जगतात. तुमचे वाहक तिथे फारसे वाढत नाहीत. मुंबईत गोष्ट उलटी आहे. तिथला अ‍ॅनाफिलिस स्टिफेन्सी गच्चीवरच्या टाक्यांत, विहिरींत आणि बांधकामाच्या साचलेल्या पाण्यात वाढतो, म्हणून तिथे टाक्या डासरोधक करून घेणं आणि अळीनाशक घालणं हेच पहिलं काम ठरतं. जागा थोड्या, ठरावीक आणि शोधता येण्याजोग्या असतील, तरच अळ्यांमागे लागण्यात अर्थ असतो. पावसाळ्यातल्या भातखाचरात यातलं एकही लागू होत नाही. माशांमुळे रुग्ण कमी झाले का, हे कॉक्रेनच्या (वैद्यकीय अभ्यासांचे आढावे घेणारी संस्था) आढाव्यात तपासलं गेलं, तेव्हा रुग्ण मोजलेला एकही योग्य अभ्यास सापडला नाही. आणि नाल्यात गप्पी अजिबात सोडू नका. ते परके मासे आहेत, स्थानिक माशांची पिल्लं आणि बेडकांची अंडीही खातात.

---

रानवाट

धूर आणि मासे बाजूला ठेवतो. मग फवारणी आणि मच्छरदाणी यांत काय? फवारणी दरवर्षी होते, तरी ताप जात नाही. औषधच निकामी झालं, असं लोक म्हणतात.

---

हातपंप

औषध निकामी झालं की औषध भिंतीवर पोचलंच नाही, हे वेगळं करून पाहावं लागतं. बहुतेक वेळा दोन्ही थोडं थोडं असतं, पण दुसरं तपासायला प्रयोगशाळा लागत नाही. ते आधी तपासा.

हिशेब असा. एका घराचं फवारायचं क्षेत्र सरासरी १५० चौ.मी. धरतात. ४८० घरांचं ७२,००० चौ.मी. झालं, गोठ्यांसाठी २५ टक्के जादा धरून ९०,००० चौ.मी. अल्फासायपरमेथ्रिन ५ टक्के पावडर असेल, तर २५० ग्रॅम दहा लिटर पाण्यात कालवतात. त्यात ५०० चौ.मी. भिंत होते आणि प्रति चौ.मी. २५ मिलिग्रॅम औषध बसतं. एका फेरीला ४५ किलो पावडर लागेल. डेल्टामेथ्रिन २.५ टक्के असेल तर दहा लिटरला ४०० ग्रॅम, प्रति चौ.मी. २० मिलिग्रॅम, फेरीला ७२ किलो. गावात आलेली पोती मोजा. २० किलोत आठ गावं झाली, तर फवारणी झाली नाही, पाणी शिंपडून झालं.

त्याहून सोपी खूण बादलीची. १५० चौ.मी.च्या घराला साधारण तीन लिटर लागतात, म्हणजे दहा लिटरची बादली तीन घरांत संपायला हवी. एका बादलीत सहा घरं उरकली असतील, तर निम्मंच औषध बसलं. ग्रामसभेच्या माणसाने फक्त बादल्या आणि घरं यांच्या रेघा मारल्या, तरी पर्यवेक्षण सुरू झालं.

पंपाकडेही लक्ष हवं. स्टिरप पंपाला (बादलीत ठेवून चालवायचा हातपंप) दाब दहा पौंडांचा, मिनिटाला २० ते २६ ठोके. नोझलमधून मिनिटाला ७४० ते ८५० मिली बाहेर पडायला पाहिजे. मापाच्या भांड्यात एक मिनिट सोडून पाहा. ८५० च्या वर जात असेल तर छिद्र झिजलं आहे, नोझल बदला, नाहीतर औषध भिंतीवरून ओघळून जमिनीत जाईल. नोझल भिंतीपासून ४५ सेमी, पट्टा ५३ सेमी रुंद, आणि दर पट्टा आधीच्यावर साडेसात सेमी चढलेला. हे औषध पाण्यात विरघळत नाही, तरंगतं. बादली सतत ढवळली नाही, तर पहिलं घर पाणी घेतं आणि शेवटचं घर गाळ. पावडर आधी थोड्या पाण्यात लापशीसारखी करून मग उरलेलं पाणी घालावं आणि फडक्यातून गाळावं, म्हणजे नोझल तुंबत नाही.

आता जिथे काम खरोखर बिघडतं ते. गोठा सुटतो, आणि क्युलिसिफेसिस तिथेच तर बसलेला असतो. देवाची खोली आणि धान्याची खोली लोक फवारू देत नाहीत. पडवी फवारली की घर "झालं" असं लिहितात. म्हणून घरं नाही, खोल्या मोजा: एकूण खोल्यांपैकी ८५ टक्के पूर्ण फवारलेल्या असाव्यात. आढ्याची आतली बाजू, वळचण, दारामागची भिंत, खाटेची खालची बाजू हे सगळं यात येतं.

आणि सारवण. हा तुमच्या भागातला सगळ्यात मोठा चोर. पायरेथ्रॉइडचा (वरची दोन्ही औषधं याच गटातली) असर भिंतीवर अडीच-तीन महिने टिकतो, तोही बऱ्या भिंतीवर. माती काही औषध शोषून घेते, त्यामुळे मातीच्या भिंतीवर तो आणखी कमी होतो. त्यात पोळा-दिवाळीला भिंती सारवल्या की औषध मातीखाली गाडलं जातं. दुसरी फेरी ऑगस्टच्या शेवटी झाली आणि दिवाळीला सारवण झालं, तर नोव्हेंबरचा ताप उघड्या भिंतींवर येतो. सण बदलता येत नाही. बाहेरची बाजू आणि जमीन सारवा, आतल्या भिंती तेवढ्या सोडा, एवढं ठरवून घेता येतं. पहिली फेरी जूनच्या आत संपवा. ४८० घरांना दोन पंप आणि पाच माणसांची एक टोळी दिवसाला ६० ते ८० घरं करते, म्हणजे सहा ते आठ दिवसांचं काम आहे. पुढे पाऊस लागला की जिल्ह्यातल्या नद्यांना पूर येतो, रस्ते तुटतात आणि टोळी वेळेवर पोचत नाही.

काम करणाऱ्यांसाठी: पूर्ण बाह्या, हातमोजे, नाकावर मास्क, पाणी आणि धान्य झाकलेलं. फवारताना घर रिकामं आणि नंतर भिंत वाळेपर्यंत लहान मुलं बाहेर. पंप नाल्यात धुऊ नये, हे औषध माशांना फार जहाल आहे. विहिरीपासून दूर खड्डा करून त्यात धुवा.

---

कीटकवही

हातपंप भाऊंशी सहमत, आधी मात्रा आणि व्याप्ती पाहा. पण औषधाला दाद न देण्याच्या डासांच्या प्रतिकारशक्तीचा प्रश्नही खरा आहे. मध्य भारतातल्या पुष्कळ जिल्ह्यांत क्युलिसिफेसिस डीडीटी आणि मॅलेथिऑनला दाद देत नाही, आणि पायरेथ्रॉइडलाही काही ठिकाणी कमी देतो. जिल्हा हिवताप कार्यालयाकडे मागणी करून चाचणी करून घ्यावी. पद्धत ठरलेली आहे: औषध लावलेल्या कागदाच्या नळीत दर नळीला सुमारे २५ मादी, अशा चार नळ्या आणि औषध नसलेल्या दोन. एक तास ठेवून २४ तासांनी मेलेले मोजायचे. ९८ टक्के किंवा जास्त मेले तर डास औषधाला बळी पडतो, ९० ते ९७ असेल तर शंका, ९० च्या खाली असेल तर प्रतिकारशक्ती पक्की. औषध नसलेल्या नळीतच २० टक्क्यांवर डास मेले, तर ती चाचणी फेकून द्यायची, डास आधीच थकलेले होते.

फवारलेल्या भिंतीवर वेगळी चाचणी होते. भिंतीला पारदर्शक शंकू चिकटवून त्यात डास ३० मिनिटं ठेवतात आणि २४ तासांनी मोजतात. ८० टक्क्यांखाली आलं की भिंतीचं काम संपलं. तीच तीन महिन्यांत दर महिन्याला एकेका मातीच्या, विटेच्या आणि लाकडी भिंतीवर झाली, तर पुढची फेरी कधी हवी ते अंदाजाने ठरवावं लागत नाही. मात्र एक काळजी: या चाचणीसाठी पाळलेले, औषधाला हमखास मरणारे डास हवेत. गावातलेच पकडून लावले, तर भिंत संपली की डास पक्का झाला हे कळत नाही.

---

चार_दोऱ्या

मच्छरदाण्यांबद्दल मी सविस्तर लिहितो, कारण प्रश्नात "दुकानातून" असा शब्द आहे आणि तिथेच पैसा वाया जाईल.

दुकानातली साधी मच्छरदाणी आणि औषधी मच्छरदाणी या वेगळ्या वस्तू आहेत. साधीला एक भोक पडलं की डास आत. औषधीच्या धाग्यात पायरेथ्रॉइड मुरवलेलं असतं, त्यामुळे भोक असलं तरी जाळीवर बसलेला डास मरतो किंवा पळतो. आणि गावातल्या बहुतेकांनी ती वापरली तर शेजारच्या घरालाही फायदा होतो, कारण वर कीटकवही यांनी सांगितल्याप्रमाणे डासांचं आयुष्यच कमी होतं. औषधी मच्छरदाणीने मच्छरदाणी नसण्याच्या तुलनेत लहान मुलांचे मृत्यू सुमारे १७ टक्क्यांनी आणि पीएफ तापाचे झटके जवळपास निम्म्याने कमी झाले, असं कॉक्रेनचा आढावा सांगतो. त्यातले बरेच प्रयोग प्रतिकारशक्ती पसरण्याआधीचे आहेत, हे लक्षात ठेवा.

हिशेब: १.८ माणसांमागे एक. २,४०० ला भागून १,३३३. दोघांमागे एक धरून १,२०० घेतल्या तर तीन-पाच माणसांच्या घरात कोणीतरी उघड्यावर राहतं. पण विकत घेण्याआधी तालुका आरोग्य अधिकाऱ्यांना लेखी विचारा की तुमच्या गावांत मागचं वाटप कधी झालं आणि पुढचं कधी. जास्त हिवतापाच्या गावांत या सरकार मोफत देतं. त्यांचं आयुष्य वीस धुण्यांचं आणि तीन वर्षांचं धरलेलं असतं. ग्रामसभेने स्वतः घेतल्याच, तर केंद्रीय कीटकनाशक मंडळाची नोंदणी असलेल्याच घ्या. "औषधी" असं चिटकवलेल्या कुठल्याही जाळीला भुलू नका.

पायरेथ्रॉइडला दाद न देणाऱ्या डासांसाठी त्याच्या जोडीला क्लोरफेनापायर हे दुसरं औषध घातलेल्या मच्छरदाण्या आल्या आहेत. टांझानियाच्या मिसुंग्वी भागातल्या चाचणीत नुसत्या पायरेथ्रॉइडच्या मच्छरदाणीच्या तुलनेत दोन वर्षांत मुलांमधला हिवताप ४४ टक्क्यांनी कमी दिसला, बेनिनमध्ये ४६. २०२३ मध्ये जागतिक आरोग्य संघटनेने प्रतिकारशक्ती असलेल्या भागांसाठी त्यांची ठाम शिफारस केली. पण तिथले वाहक वेगळे, माणसाला आणि घराला जास्त चिकटलेले. तेच आकडे गडचिरोलीला लावू नयेत. आणि एक तांत्रिक बाब: क्लोरफेनापायर डासाच्या शरीरात गेल्यावर हळूहळू विष बनतं, त्यामुळे जाळीवरची तीन मिनिटांची शंकू चाचणी त्याला उगाच नापास करते. त्यासाठी रात्रभराची बोगदा चाचणी (डास जाळीतून पार जातात का ते पाहणारी) घेऊन ७२ तासांनी मोजतात.

आता घरातल्या मच्छरदाण्या तपासायच्या कशा. "आहे का?" हे विचारू नका, "काल रात्री हिच्यात कोण कोण झोपलं?" हे विचारा, आणि जमल्यास पहाटे पाचला जाऊन पाहा. सांगितलेलं आणि दिसलेलं यांत मोठा फरक निघतो. भोकं मोजण्याची पद्धत अशी: अंगठाही जाणार नाही एवढ्या भोकाला १ गुण, अंगठा जाईल पण मूठ जाणार नाही त्याला २३, मूठ जाईल पण डोकं जाणार नाही त्याला १९६, डोक्याहून मोठ्याला ५७६. बेरीज ६४ पर्यंत चांगली, ६४२ पर्यंत शिवून चालेल, त्यावर गेली की बाद. प्रत्येक गावातल्या तीस घरांत हे केलंत, तरी नव्या किती हव्यात ते कळेल. कदाचित १,३३३ पैकी ५०० च लागतील.

नवी जाळी पहिल्यांदा वापरण्याआधी एक दिवस सावलीत पसरून ठेवा, नाहीतर अंगाला खाज सुटते आणि त्या भीतीने लोक टाकून देतात. धुताना साधा साबण, वाळवताना सावली. सोड्याने धुतलं आणि उन्हात टाकलं तर औषध लवकर जातं. नाल्यात धुऊ नये आणि मासे धरायला वापरू नये, हे औषध माशांना जहाल आहे हे वर आलंच आहे.

सगळ्यात मोठं भोक मात्र जाळीत नाही. माणूस रात्री घरात नसतो तिथे ते आहे. ऑक्टोबर-नोव्हेंबरला भाताच्या जागलीला (रात्रीच्या राखणीला) मचाणावर, मार्च-एप्रिलला मोहफुलांसाठी पहाटे रानात, मेमध्ये तेंदूच्या फळीवर (पानं गोळा होतात त्या जागी). घरी मच्छरदाणी आणि फवारलेली भिंत दोन्ही असून जागलीवाल्याला ताप येतो, आणि मग गाव म्हणतं औषधात दम नाही.

---

हातपंप

म्हणूनच दोन्ही एकत्र करा असं मी म्हणेन. फवारणी गोठ्यातल्या डासाला पकडते, मच्छरदाणी झोपलेल्या माणसाला वाचवते.

चार_दोऱ्या

इथे मी सहमत नाही, भाऊ. मच्छरदाण्यांची व्याप्ती चांगली असेल तर वर फवारणी घालून मिळणारा जादा फायदा अनेक चाचण्यांत फारसा दिसलेला नाही, विशेषतः दोन्हीत पायरेथ्रॉइडच असेल तर. जागतिक आरोग्य संघटना म्हणते, आधी एक साधन पूर्ण व्याप्तीने करा. दोन्ही अर्धे करणं हे सगळ्यात महाग आणि सगळ्यात कमी उपयोगाचं. शिवाय भिंतीवर आणि जाळीवर एकच औषध असलं की डासाला त्याच औषधाची सवय लवकर होते.

हातपंप

एकच औषध दोन्हीकडे नको, हे मान्य. फवारणी सरकारी आहे, ती होणारच आहे, तर ग्रामसभेने तिच्यावर लक्ष ठेवावं आणि स्वतःचे पैसे मच्छरदाण्यांत घालावेत. लक्ष ठेवायला पैसे लागत नाहीत. भिंतीवर कुठलं औषध येणार ते मात्र आधी विचारून घ्या.

---

आकडेमोड

आता दुसरा प्रश्न, उपयोग झाला हे मोजायचं कसं. इथे भल्याभल्यांची फसगत होते.

एपीआय म्हणजे वर्षातले हिवतापाचे रुग्ण गुणिले १,०००, भागिले लोकसंख्या. समजा २,४०० लोकांत ६०० जणांची तपासणी झाली आणि ७२ निघाले: एपीआय ३०. पुढच्या वर्षी आशाताईकडे किट संपली किंवा कार्यकर्ता बदलला, ३०० च तपासण्या झाल्या आणि ३६ निघाले: एपीआय १५. कागदावर रोग निम्मा झाला. पण तपासलेल्यांपैकी बाधित दोन्ही वर्षी १२ टक्केच. तेव्हा रुग्णसंख्येशेजारी तपासण्यांची संख्या आणि बाधितांचा टक्का नेहमी लिहा. वर्षाला लोकसंख्येच्या दहा टक्के तपासण्या ही किमान अपेक्षा आहे, तुमच्यासारख्या भागात तर तापाच्या प्रत्येक रुग्णाची व्हायला हवी.

दुसरा सापळा. यंदा सगळ्यात जास्त ताप असलेलं गाव निवडून तिथे साधन दिलं, की पुढच्या वर्षी आकडा बहुधा खाली येतोच, साधन दिलं नसतं तरी. वाईट वर्षानंतर सरासरी वर्ष येणं स्वाभाविक आहे. पाऊसही दरवर्षी वेगळा. म्हणून "आधी इतके, नंतर इतके" एवढ्याने काही सिद्ध होत नाही, त्याच वर्षी साधन न मिळालेली तशीच गावं शेजारी हवीत.

तिसरा सापळा लहान आकड्यांचा. ३०० वस्तीच्या गावात १२ रुग्णांचे ७ झाले तर आनंद होतो. पण १२ आणि ७ यांच्या फरकातली नुसती योगायोगाची हेलकावणी ४ हून जास्त असते (१९ चं वर्गमूळ). ५ चा फरक त्यातच मावतो. आठही गावांचे आकडे एकत्र पाहा, एकेका गावावरून निष्कर्ष काढू नका.

पीव्ही (व्हायव्हॅक्स, हिवतापाचा दुसरा प्रकार) आणि पीएफ वेगळे मोजा. पीव्ही यकृतात दबा धरून बसतो आणि महिन्यांनी नव्या चाव्याशिवाय उलटतो, त्यामुळे १४ दिवसांचा प्रायमाक्विन पूर्ण न झालेल्या गावात डास शून्य केले तरी पीव्हीचे रुग्ण येत राहतील. साधनाचा असर पाहायला तुमच्याकडे पीएफ बरा. पण एक अडचण: पीएफची जलद चाचणी उपचार झाल्यावरही काही आठवडे पॉझिटिव्ह दाखवू शकते. एकाच माणसाची महिन्याभरातली दुसरी पॉझिटिव्ह नवा रुग्ण म्हणून धरू नका, काचपट्टीवर खात्री करा.

तुलना कशी करावी? जादा साधन एका वर्षात आठही गावांना देणं जमणार नसेलच, तर गावांच्या चार जोड्या करा. जोडी जुळवताना मागच्या तीन वर्षांचा एपीआय, नाल्यापासूनचं अंतर आणि रस्त्यापासूनचं अंतर पाहा. प्रत्येक जोडीत चिठ्ठी टाकून एका गावाला यंदा, दुसऱ्याला पुढच्या वर्षी द्या. चिठ्ठी ग्रामसभेसमोरच टाका. यात कोणी वंचित राहत नाही, सरकारी उपाय सगळीकडे चालूच असतात, फक्त जादा गोष्टीचा क्रम ठरतो. चार जोड्यांवरून पक्कं शास्त्रीय उत्तर मिळणार नाही, हे ग्रामसभेला आधीच सांगून ठेवा. दोन वर्षांत दिशा मात्र दिसेल.

ओडिशाचं उदाहरण याच कारणासाठी पाहण्यासारखं आहे. तिथे २०१७ मध्ये साडेतीन लाखांच्या आसपास असलेले रुग्ण २०१८ मध्ये सत्तर हजारांच्या आत आले. पण त्याच सुमारास औषधी मच्छरदाण्यांचं मोठं वाटप झालं, दुर्गम पाड्यांत सरसकट तपासणी-उपचारांची 'दमन' मोहीम सुरू झाली आणि आशांच्या हाती किट पोचली. घट खरी आहे, पण कुठल्या साधनाचा वाटा किती, हे त्या आकड्यातून सुटं करता येत नाही. तुमच्याकडेही एका वर्षात चार गोष्टी बदलल्या तर हेच होईल.

वहीत प्रत्येक रुग्णामागे एवढं लिहा: ताप सुरू झाल्याची तारीख, तपासणीची तारीख, उपचार सुरू झाल्याची तारीख, प्रकार, वय, मागच्या दोन आठवड्यांत रात्री कुठे झोपला (घर, शेत, रान, दुसरं गाव), मच्छरदाणी होती का, आतली भिंत शेवटची कधी सारवली. "रात्री कुठे झोपला" हा रकाना सोडू नका. तोच पुढच्या वर्षीचा खर्च ठरवेल.

---

रानवाट

सर्वांचे आभार. बैठकीत मांडायचं असं ठरवतोय: धूर यंत्र आणि मासे रद्द. फवारणीला प्रत्येक गावातून दोन माणसं बादली-खोली मोजायला. एप्रिलमध्ये तीस-तीस घरांत भोकांची मोजणी आणि तालुक्याला पत्र. ग्रामसभेचे पैसे जागलीच्या मच्छरदाण्यांना, चिठ्ठी टाकून, यंदा चार गावं. मचाणावर कुठली जाळी टिकते?

---

चार_दोऱ्या

पॉलिएस्टर मऊ, हलकी, लवकर वाळते, पण काट्याला लगेच फाटते. पॉलिथिलीन जाडसर आणि फाटायला चिवट, मचाणाला तीच घ्या. एकाच माणसाच्या मापाची, नाहीतर खाली लोळते आणि बांबूच्या टोकांत अडकते. मचाणाच्या चार कोपऱ्यांना हातभर उंच बांबू उभे करून दोऱ्या तिथेच कायम बांधून ठेवा, म्हणजे रोज फक्त जाळी अडकवायची. खालची कड अंथरुणाखाली खोचता आली पाहिजे, फटींच्या मचाणाला खाली ताडपत्री हवी, नाहीतर डास खालून येतो. सकाळी गुंडाळून घरी न्या, दिवसभर उन्हात टांगलेली जाळी हंगाम संपायच्या आत औषध गमावते.

आकडेमोड

आणि चिठ्ठी टाकण्याआधी आठही गावांतल्या जागलीवाल्यांची संख्या मोजून ठेवा. एका गावात दहा आणि दुसऱ्यात चाळीस जागलीला जात असतील, तर जोडी आत्ताच बदला, चिठ्ठी टाकल्यावर नाही.